एकोणीस गुणांची लेक

टोपी तशी मऊ होती. आतल्या बाजूला ओलसर स्पंजाचे बारीक ठिपके होते. तंत्रज्ञ मुलीनं रवीनाच्या केसांतून वाट काढत ते एकेक करून डोक्याला टेकवले आणि म्हणाली, "मॅडम, तुम्ही काहीच करायचं नाही. डोळे मिटा आणि ऐका. झोप लागली तरी चालेल."

रवीना टेकामला हसू आलं. लेक झाल्यापासून आठ महिन्यांत हे वाक्य तिला कोणी ऐकवलं नव्हतं.

कानांत आवाज सुरू झाले. शब्द नव्हतेच ते. भिंतीपलीकडे कोणी बाई हळू बोलत असावी, तिचं बोलणं कळू नये पण बोलण्याचा चढउतार तेवढा ऐकू यावा, तसं काहीतरी. चढ, थांबा, उतार. पुन्हा चढ. मधेच दुसरीच कुठली लय. रवीनाला ते ना ओळखीचं वाटलं, ना अगदी परकं. तिचं सगळं लक्ष दाराबाहेर होतं. तिथं बाकावर तिची आई, जंगूबाई, चिमीला मांडीवर घेऊन बसली होती. थोड्या वेळानं चिमी रडायला लागली आणि इकडे रवीनाला पान्हा फुटला. कुर्ता ओला झाला. यंत्राला हेही दिसलं असणार, तिला वाटलं. पण ते कशात धरायचं, हे त्याला कोणी सांगितलेलं नसणार.

पुढच्या महिन्यात निकाल आला. आप्तभाव गुणांक, एकोणीस. शंभरातले निदान चाळीस लागत होते.

"अर्जदाराचा कोलाम जमातीशी आप्तभाव सिद्ध होत नाही," असं खाली लिहिलेलं होतं. रवीना वणी तालुक्यात पशुधन विकास अधिकारी होती, म्हणजे गुरांची सरकारी डॉक्टर. अनुसूचित जमातीच्या राखीव जागेवर लागलेली, 'जात वैधता प्रमाणपत्र सादर करण्याच्या अटीवर'. आता प्रमाणपत्र नाही म्हटल्यावर नोकरी जाणार होती. पदवीही राखीव जागेवरचीच, तिच्यावरही बोट ठेवलं जाणार होतं. पण त्या दिवशी तिच्या मनाला लागलं ते दुसरंच. शंभरातले एक्याऐंशी भाग तू आपल्या आईची नाहीस, असं कोणीतरी सहीशिक्क्यानिशी सांगितलं होतं.

पूर्वी हे काम माणसं करत. समिती जुने कागद बघे, मग दक्षता पथक घरी येई आणि विचारी, तुमचा देव कोणता, लग्नात काय करता, मेलेल्या माणसाला कसं नेता. उत्तरं जुन्या नोंदींशी जुळली तर आप्तभाव आहे, नाही जुळली तर नाही. ज्यांचा जमातीशी काडीचा संबंध नसे ते उत्तरं पाठ करून येत आणि पास होत. ज्यांचा असे ते म्हणत, "आमच्यात आता तसं करत नाहीत हो," आणि नापास होत. ही एकच कसोटी धरून बसू नका, असं न्यायालयांनी किती वेळा बजावलं. तरी भांडणं वाढतच गेली. मग यंत्र आलं.

यंत्र मुळात तान्ह्या बाळांसाठी बनवलेलं. बाळ पोटात असतानाच, शेवटच्या दोन-तीन महिन्यांत, त्याला आईचं बोलणं ऐकू येतं. शब्द काही तिथवर धड पोचत नाहीत. पोचते ती बोलण्याची चाल. म्हणून तर नुकत्या जन्मलेल्या बाळाच्या रडण्यातही त्याच्या आईच्या भाषेचा हेल असतो. जन्मल्यावर वर्ष-दीड वर्ष मेंदू याच चालीचे अंदाज बांधत राहतो. आता आवाज चढेल, आता थांबेल, आता उतरेल. अंदाज बरोबर आला तर मेंदू निवांत असतो, चुकला तर एक बारीकसा दचका उमटतो. हे वळण पुढं ती भाषा साफ विसरली तरी पुसत नाही. दुसऱ्या देशात दत्तक गेलेल्या पोरांचा मेंदूसुद्धा जन्मभाषेची चाल ओळखतो. पोरांना स्वतःला त्यातलं अक्षर कळत नसतं. यंत्र हे दचके मोजायचं, ऐकण्याबोलण्यातला दोष वेळेवर सापडावा म्हणून. पुढं कोणाच्या तरी डोक्यात आलं, की पाठ करता येत नाही असं हे एकच उत्तर आहे. वर्षभरात नियम झाला, दावा करणाऱ्याला जमातीच्या बोलीची चाल ऐकवायची आणि मेंदू किती दचकतो ते मोजायचं.

रवीनाच्या घरी कागद नव्हते. आजोबा शाळेत गेले नाहीत. त्यांचं पोड, म्हणजे कोलामांची वस्ती, एकदा वणव्यात जळालं आणि एकदा जंगल राखीव झालं म्हणून हललं. वडील लवकर गेले. घराण्यात शिकलेली हीच पहिली, त्यामुळे आधी कोणाला वैधता मिळाली असेल म्हणावं तर तेही नाही. राहता राहिला तो एकोणीस हा आकडा.

*

"जात धरायची बापाची आणि चाल मोजायची आईची," वकील सुमेधा वासनिक म्हणाल्या. त्यांचं कार्यालय नागपुरात, धंतोलीत. समोर चहा निवत होता. "हा मुद्दा मी मांडीनच. पण न्यायाधीश विचारतील, यंत्र चुकतं कुठं ते दाखवा. आणि मला विचाराल तर शास्त्र खरं आहे, त्याच्याशी भांडून आपल्याला काही मिळणार नाही. तुम्ही कोलाम असून एकोणीस का, ते मला सांगा. लहानपणी तुम्हाला कोणी वाढवलं?"

"आईनंच."

"त्या घरात कोलामी बोलतात?"

"मामा आला की त्याच्याशी बोलते. आम्ही खोलीत गेलो की थांबते. मला वाटायचं, मोठ्या माणसांचं काही खासगी असेल."

"तुम्हाला येते?"

"नाही."

वासनिक मॅडमनी चष्मा काढला. "शून्य असतं तर मी म्हटलं असतं, यंत्र बिघडलंय. पण एकोणीस आहेत. म्हणजे कधीतरी, थोडंसं, काहीतरी तुमच्या कानावर पडलंय. ते कुठून आलं, घरी जाऊन विचारा."

घरी विचारायचं म्हणजे सोपं नव्हतं. घरात अंकुश होता, रवीनाचा नवरा, शाळेत विज्ञान शिकवणारा. तोही कोलामच. त्याचा नंबर पुढच्या वर्षी लागणार होता, म्हणून तो घाबरलेला होता, आणि घाबरलेला अंकुश फार बोलायचा.

"नागपुरात केंद्रं निघाली, माहीत आहे? कानाला लावून झोपायचं. सहा महिने. पन्नासपर्यंत नेतात म्हणे. गरोदर बायांसाठी पोटाला बांधायचे पट्टेसुद्धा मिळतात. कोण घेऊन राहिलं ते? आपली माणसं? अरे, ज्यांच्या सात पिढ्यांनी पोड पाह्यलं नाही ते घेऊन राहिले! त्यांच्या पोरांचे सत्तर येतील, अन् आपण बसू एकोणीस घेऊन."

"मग मीही खोटं ऐकत झोपू?"

"खोटं कसं? आपलीच तर भाषा आहे!" मग तो सासूकडे वळला. "आत्या, हिचं जाऊ द्या. तुम्ही चिमीसोबत तरी कोलामीत बोला. अजून वर्ष नाही झालं तिला. तिचं तरी बरोबर होईल."

जंगूबाई सुपात तांदूळ निवडत होती. चिमी तिच्या गुडघ्याला धरून उभं राहायचा प्रयत्न करत होती.

"कायले?" ती म्हणाली.

"तिला पुढं ही टोपी घालावी लागेल म्हणून."

"टोपीसाठी बोलू?" जंगूबाईनं एक खडा काढून बाजूला टाकला. "मी नाई बोलत टोपीसाठी. मार्क पाह्यजेत म्हणून नातीले जोजवू काय?"

"आत्या, जिद्द करू नका."

"जिद्द नाई जावईबापू. जमत नाई."

अंकुश चरफडत बाहेर गेला. रवीना आईजवळ जमिनीवर बसली. चिमीनं लगेच तिच्याकडे झेप घेतली; तिला पदराआड घेत रवीनानं विचारलं, "आई, मी झाली तेव्हा तू कामाला कुठं होती?"

"पांढरकवड्याले. उत्तरवार डॉक्टरीणबाईकडं. त्यायच्या पोराले सांभाळाले. शंतनू नाव. तुयापेक्षा जरासा मोठा."

"त्याच्याशी काय बोलायची?"

"काय बोलन बाप्पा? बारकुसं पोट्टं. तोंडात येईन ते बोलाची. गाणं म्हणाची."

"कोणत्या बोलीत?"

जंगूबाईचा सुपातला हात थांबला. "आपल्याच. त्याले तवा कोणती समजत होती?"

"अन् मले?" एरवी शुद्ध बोलणाऱ्या रवीनाच्या तोंडून घरची भाषा निघाली.

"तुले नाई." जंगूबाईनं हे असं सांगितलं, जसं कोणी सांगावं की आज बाजार नाही. "तू पोटात होती तवा तो मांडीवर होता. तू झाली, मंग तुले शेजारच्या मावशीपाशी ठेवाची. सांजच्याले येऊन मराठीत बोलाची. ये, जेव, झोप. तेवढीच येत होती."

"त्याला गाणं. आणि मला ये, जेव, झोप."

जंगूबाई पुन्हा तांदूळ निवडू लागली. रवीनानं 'का' म्हणून विचारलं नाही. काही प्रश्नांचं उत्तर आपल्याला आधीच कळलंय असं वाटतं, आणि ते ऐकायचं नसतं. पगार देणाऱ्या घरचं बाळ, त्याचं कोडकौतुक. आपलं काय, आपलं पोर कुठं जातंय!

चिमी दूध पिता पिता झोपली. तिच्या कपाळावरची घामेजलेली बट मागं सारताना रवीनाच्या डोक्यात सगळा हिशेब लागला. ते एकोणीस तिचे नव्हतेच. दुसऱ्याच्या बाळासाठी म्हटलेलं गाणं, पोटाच्या भिंतीतून झिरपून आत आलेलं. जन्मायच्या आधी तिला फुकटात ऐकायला मिळालेलं.

*

वासनिक मॅडम फोनवर ओरडल्याच. "अहो टेकाम, तो मुलगा शोधा! तो काही कोलाम नाही ना? त्याला टोपी घालू!"

शंतनू उत्तरवार सापडायला वेळ लागला नाही. नागपुरातच होता, पुलांचे आराखडे करायचा. त्याच्या फ्लॅटच्या दाराशी रवीना उभी राहिली तेव्हा तिला त्याचा राग राग येत होता आणि ज्या माणसानं आपलं काही घेतलं हे त्याला ठाऊकही नाही, त्याच्यावर रागावणं किती मूर्खपणाचं, हेही समजत होतं.

त्यानं तिचं सगळं ऐकून घेतलं. आतल्या खोलीत त्याची आई होती, डॉ. उत्तरवार, आता थकलेल्या. दार उघडंच होतं.

"जंगूमावशी," तो म्हणाला. "चेहरा आठवत नाही हो. पण माझ्या मुलाला झोपवताना मी काहीतरी गुणगुणतो. बायको विचारते, हे कुठलं. मला आपलं वाटायचं, मीच बनवलंय." मग तो आवाज खाली आणून म्हणाला, "पण भर कोर्टात... म्हणजे उद्या पेपरात येणार, डॉक्टरांनी आपलं मूल बाईवर टाकलं होतं. आईचं वय बघता..."

"शंतनू, मी बहिरी नाही," आतून आवाज आला. डॉ. उत्तरवार काठी टेकत बाहेर आल्या आणि रवीनाकडे निरखून पाहू लागल्या. "तू जंगूची. कपाळ तिचंच आहे. बस." मग मुलाकडे वळून, "तालुक्यात बाळंतपण करणारी मी एकटी. दिवसभर दुसऱ्यांच्या बायकांच्या उशाशी होते, आणि ती तुझ्या. मी येईपर्यंत तू झोपलेला असायचास. जे झालं ते झालं, त्यात पेपरवाल्यांना काय नवीन? तू जायचंस."

रवीना निघाली तेव्हा म्हातारीनं तिचा हात धरला. "तू लहान असताना कुठं असायचीस गं, ती माझ्याकडे असताना?"

"शेजारी."

"मी कधी विचारलंच नाही तिला," डॉ. उत्तरवार म्हणाल्या. हात मात्र बराच वेळ सोडला नाही.

*

न्यायालयात कामकाज इंग्रजीत चाले आणि भिंतीवरच्या पडद्यावर त्याचं मराठी आपोआप उमटत जाई. खंडपीठावर दोन न्यायमूर्ती होते. यंत्र समितीनंच आणलं होतं, तंत्रज्ञही समितीचे. वासनिक मॅडमनी तसाच आग्रह धरला होता, पुढं कोणाला काही म्हणायला जागा नको.

शंतनूला टोपी घातली. चांगला उंचापुरा माणूस, डोळे मिटून कोर्टात बसला, तर अगदी न्हाऊमाखू घातलेल्या पोरासारखा दिसायला लागला. मागच्या बाकावर जंगूबाई चिमीला खांद्यावर घेऊन होती. ती त्याच्याकडे टक लावून पाहत होती आणि रवीना तिच्याकडे.

आकडा पडद्यावर आला. एक्याऐंशी.

कोर्टात कुजबुज झाली. अंकुशनं टाळी वाजवायला हात उचलले आणि वासनिक मॅडमनी नुसतं बघितल्यावर खाली घेतले. एक्याऐंशी. तिच्या एकोणिसात घातले तर बरोबर शंभर, रवीनाच्या मनात येऊन गेलं आणि तिनं ते तिथंच दाबलं.

सरकारी वकील उठले. कसलेले गृहस्थ होते, गडबडले नाहीत. "माय लॉर्ड, यावरून यंत्र चुकीचं ठरत नाही. यावरून एवढंच दिसतं, की या गृहस्थांना कोलाम बाईनं वाढवलं."

"अगदी बरोबर," ज्येष्ठ न्यायमूर्ती म्हणाले. "म्हणजे यंत्र माणसाची जमात सांगत नाही. बाळाशी कोण बोललं ते सांगतं."

"तसंच जरी धरलं," सरकारी वकील थांबले नाहीत, "तरी मग अर्जदाराशी ती भाषा कोणी बोललं नाही, हेही सिद्ध होतं. पोटच्या मुलीशी सख्खी आई आपल्या भाषेत बोलत नाही, आणि परक्याच्या मुलाशी बोलते. हे नैसर्गिक आहे का? मग ते घर जमातीपासून तुटलेलं होतं, असंच म्हणावं लागेल. आप्तभाव नाही म्हणतात ते यालाच."

वासनिक मॅडम उत्तराला उठल्या, पण न्यायमूर्तींनी हातानं थांबवलं. कागदावरच्या शपथपत्रांनी चालणारं प्रकरण, साक्षीदाराला उभं करायची तिथं रीत नव्हती. तरी ते मागच्या बाकाकडे पाहून मराठीत म्हणाले, "त्या आई का? बाई, बसूनच सांगा. तुम्हाला विचारायचं आहे. हे लहान असताना यांच्याशी तुम्ही तुमच्या बोलीत बोललात. आपल्या मुलीशी का नाही?"

जंगूबाई उठूनच उभी राहिली. चिमी तिच्या खांद्यावर पेंगत होती.

"साहेब, हिच्या आंधी मले एक पोरगा. आश्रमशाळेत घातला. गुरुजी इचारे ते त्याले समजेच ना, तो आपल्या बोलीत सांगे. पोट्टे हासत. मार बी खाल्ला त्यानं. एक दिवस पळून आला तो गेलाच नाई पुन्हा. आज कापसाच्या जिनिंगवर पोती उचलते." भिंतीवरच्या पडद्याला तिची वऱ्हाडी झेपेना; अर्धे शब्द येत होते, अर्धे गळत होते. "मंग गुरुजी घरी आले. चांगला माणूस होता, वाईट नाई म्हणत मी. म्हणाले, बाई, घरातलं तुमचं हे बोलणं बंद करा, तरच पोरं शिकतीन. म्या बंद केलं. ही पोटात होती तवाच ठरवलं, हिच्या कानावर पडूच द्याचं नाई."

"आणि त्या मुलाशी?"

जंगूबाईला प्रश्नाचं नवल वाटलं. "त्याले कोन हासनार होतं, साहेब? तो डॉक्टरचा पोरगा."

सरकारी वकील कागदांकडे पाहत होते.

"मलेबी बोलाले कोणीतरी पाह्यजेच ना," ती आता न्यायमूर्तींशी बोलत नसावी. "दिवसभर त्याच्यापाशी बोलून घ्याची. घरी येतानी नाल्याच्या पुलावर थांबाची. पोटात उरलं असन तेवढं तिथं म्हणून टाकाची. तोंड रिकामं झालं का मंग घरात जाची. ही दारातच राहे, हात वर करून. मले लय बोलावं वाटे हिच्यासंगं. पण येत होतं तेवढंच बोलली. ये, जेव, झोप."

रवीनानं मान खाली घातली. इतके दिवस ती समजत होती, की आईनं तिला उरलंसुरलं दिलं. जी बाई पुलावर उभी राहून तोंड रिकामं करून येत होती, ती काय घेऊन घरात शिरत असेल? चिमीशी एक दिवस, फक्त एक दिवस, आपल्याला 'ये, जेव, झोप' एवढंच बोलायचं आहे अशी कल्पना तिनं करून पाहिली. जमेना. चिमीला आंघोळ घालताना ती जे अर्थाबिनाअर्थाचं बोलते, नाकाला नाक लावून जे हुंकारते, ते सगळं गिळून टाकायचं. रोज. वर्षानुवर्षं. लेक शिकावी म्हणून.

न्यायमूर्ती दोघं आपसांत बोलले. निर्णय त्यांनी तिथंच सांगितला. नुसत्या गुणांकावर कोणाचाही दावा फेटाळता येणार नाही. समितीनं या प्रकरणाची नव्यानं, माणसांनी माणसांशी बोलून, चौकशी करावी. तोवर अर्जदाराच्या नोकरीला आणि पदवीला हात लावू नये. आणि शेवटी एक वाक्य, जे दुसऱ्या दिवशी सगळीकडे छापून आलं. ज्या घरानं शिक्षणासाठी आपली बोली बाजूला ठेवली, ती बोली नाही म्हणून त्याच घराला जमातीबाहेर काढणं म्हणजे एकाच घराला दोनदा शिक्षा देणं होय.

म्हणजे रवीना जिंकली, पण पुरती नाही. पुन्हा पथक येणार होतं, पुन्हा प्रश्न असणार होते. या वेळी प्रश्नांना उत्तर द्यायला तोंड मात्र असणार होतं.

*

कोर्टाच्या आवारात कडुलिंबाखाली चहाची टपरी होती. अंकुशनं सगळ्यांना चहा सांगितला आणि फोनवर कोणाकोणाला बातमी देत फेऱ्या मारू लागला. शंतनूच्या केसांना अजून स्पंजाचा ओलावा होता. त्यानं येऊन जंगूबाईच्या पाया पडायला वाकून पाहिलं, पण ती चिमीसकट मागं सरली.

"ऱ्हाऊ दे, ऱ्हाऊ दे. केवढा झाला! डॉक्टरीणबाई बऱ्या हायेत?"

"बऱ्या आहेत. तुम्हाला बोलावलंय." तो घुटमळला. "मावशी, एक विचारू? हे काय आहे?" आणि भर टपरीवर, चार वकील बघत असताना, तो गुणगुणला.

जंगूबाई इतकी हसली, की चिमी जागी झाली.

"लेका, अजून आठवते तुले! काही नाई बाप्पा त्याच्यात. झोप रे लवकर, चुलीवर भाकर करपून राहिली. एवढंच."

"एवढंच?" शंतनूचा चेहरा पडला. "मला वाटायचं, काहीतरी जंगल, चंद्र वगैरे असेल."

"चंद्राचं कोनाले पडलं? भाकर करपत होती."

सगळे हसले. रवीनाही. मग हसता हसता तिला कळलं, की इतक्या वर्षांत आपण आईला तिच्या बोलीतलं काहीच, कधीच विचारलं नाही. अर्थ नाही, शब्द नाही. आई थांबायची, म्हणून आपणही थांबलो.

"आई," ती म्हणाली, "तू लहान होती तेव्हा तुझ्या आईला हाक कशी मारायची?"

जंगूबाईनं तिच्याकडे पाहिलं. इकडेतिकडेही पाहिलं, सवयीनं, कोणी ऐकतंय का ते. मग तिनं हाक मारली. छोटीशीच, पण मध्ये कुठंतरी दुमडलेली आणि शेवटाला उचललेली, लांब शेतात असलेल्या बाईला ऐकू जावी अशी.

रवीनानं तीच हाक मारून पाहिली. शब्द बरोबर होता, पण तो सपाट पडला, वर्गात हजेरीला उत्तर द्यावं तसा.

"असं नाही," शंतनू पटकन म्हणाला आणि त्यानं ती मारली. अगदी तश्शी. दुमड तीच, उचल तीच. मग आपण काय केलं ते त्याच्या लक्षात आलं आणि तो कानापर्यंत लाल झाला. "सॉरी. सॉरी हं. तोंडातून आपोआप..."

क्षणभर रवीनाला वाटलं, उठून जावं. मग वाटलं, हे त्यानं घेतलं कुठं? त्याच्याकडे तर ते राहिलं होतं. ठेवायला घरात जागा नव्हती, म्हणून आईनं जिथं जागा दिसली तिथं ठेवलं.

"परत म्हणा," ती त्याला म्हणाली. "हळू."

त्यानं म्हटलं. तिनं त्याच्या मागून म्हटलं. जंगूबाईनं मान हलवली, नाही. तिनं परत म्हटलं. या वेळी शेवटाला आवाज थोडा वर गेला, कापत कापत, आणि मध्येच तुटला. जंगूबाईनं चिमीला अंकुशच्या हातात दिलं आणि बाकावर लेकीच्या शेजारी येऊन बसली, अगदी खेटून, आपलं तोंड तिला नीट दिसावं म्हणून.

"पुन्हा," ती म्हणाली.